रवंथाची चार चित्रं

पुण्याहून आलेलं चित्र संयोगितानं मोबाईलवर उघडलं आणि इकडं गॅसवरचं दूध उतू गेलं.

चित्रात रंभा दोन पायांवर उभी होती. चाळीस वर्षांपूर्वी शिवाजी पेठेतल्या एका खिडकी नसलेल्या खोलीत केरबा पेंटरनं, म्हणजे संयोगिताच्या वडिलांनी, जिला कागदावर जन्माला घातलं ती रंभा म्हैस. काजळासारखी काळी, रुंद कपाळाची, स्वतःच्याच तंद्रीत चालणारी. ती आता जांभळी झाली होती. कमरेत बारीक. डोळ्यांवर गॉगल, खांद्याला पर्स, मागं कुठल्याशा सोसायटीची लिफ्ट. खाली कार्टून कंपनीच्या पृथ्वीराजचा निरोप होता: "मॅम, आमच्या टीमनं सहज करून पाहिलंय. 'रॅम्बी' नाव कसं वाटतं? तुमचा पहिला भाग आवाजासकट पाडव्याला संध्याकाळी सहापर्यंत आला तर उत्तमच. नाहीतर मग आमचे लेखक पुढं नेतील. हॅपी दिवाळी!"

सहज! संयोगितानं ओटा अर्धा पुसला, फडकं तिथंच टाकलं, गॅलरीत गेली, गॅलरीत कशाला आलो ते न आठवून परत आली आणि फ्रिज उघडून उभी राहिली. गेले आठ दिवस तिचं हे असंच चाललं होतं. जात्यातले दाणे संपावेत आणि बाईचा हात फिरतच राहावा, तसं. बसली की उजवा पाय हलायचा, उठली की दोन्ही.

जूनमध्ये तिनं रंभेच्या नव्या मालिकेसाठी कंपनीशी करार केला तेव्हा त्यात एक ओळ होती. पहिला भाग पसंत पडला नाही तर पात्रं कंपनीकडं जातील, मग कंपनी ती हवी तशी घडवील. तेव्हा ती ओळ तिला रस्त्यातल्या खडीसारखी वाटली होती, गाडी वरून निघून जाईल अशी. आता तोच खडा दोनदा टोचला होता. दोनदा तिनं पहिला भाग लिहून पाठवला, दोनदा तो परत आला. "विनोद छान आहेत, पण रंभा जिवंत वाटत नाही." आणि वाईट म्हणजे तिलाही ते पटत होतं.

कल्पना साधी होती. जुनी रंभा आता शहराच्या कडेच्या एका नव्या सोसायटीत राहायला आली आहे. पाठीवरचा तिचा सोबती बुवा बगळा, जो एका पायावर डोळे मिटून उभा राहायचा आणि साऱ्या गावाची उणीदुणी काढायचा, तो आता पाण्याच्या टाकीवर राहतो. पार्किंगची भांडणं, पाण्याच्या वेळा, ग्रुपवरची खडाजंगी, आणि या सगळ्यात रंभा. दर आठवड्याला एक भाग, हसता हसता संपणारा. संयोगिता स्वतः कळंबा रस्त्याला अशाच एका सोसायटीत दुसऱ्या मजल्यावर राहत होती. म्हणजे सामान सगळं घरातच होतं. तरी भाजी शिजत नव्हती.

खालून फटफटीचा फाडफाड आवाज उठला, खिडकीच्या काचा थरथरल्या. सोसायटीच्या भिंतीला लागून आकारामचा गोठा होता, नऊ म्हशींचा. गोठा आधीचा, सोसायटी नंतरची. पाडवा दोन दिवसांवर आलेला, त्यामुळे आकारामनं जुन्या गाडीचा सायलेन्सर काढून सराव धरला होता. पाडव्याला कोल्हापूरच्या म्हशी नटून रस्त्यावर पळतात. पुढं मालक गाडीवर, मागं म्हैस. ना दावं, ना काठी. आपल्या गाडीचा आवाज आणि आपल्या माणसाची हाक, एवढ्यावर ती धावते.

"ह्या आवाजात माणसानं लिहायचं कसं?" संयोगिता ओरडली.

"म्हशी पळत्यात की त्या आवाजात," आतून आक्का म्हणाली.

आक्का म्हणजे केरबा पेंटरची थोरली बहीण, संयोगिताची आत्या. चौऱ्याहत्तर वर्षांची. दिवाळीसाठी संयोगितानं तिला पेठेतून आणलं होतं, आणि खरं सांगायचं तर नुसतं दिवाळीसाठी नव्हे. अख्खं कोल्हापूर म्हणायचं की रंभेचा आवाज म्हणजे आक्का. अजूनही पेठेत कुणी पिकल्या केसांचा माणूस आक्काला थांबवून म्हणायचा, "काय आवाज लावलाता ओ रंभेचा! अजून कानात हाय." शहाऐंशी साली टीव्हीवर रविवारी सकाळी रंभेचे सात-सात मिनिटांचे सिनेमे लागले, एकदाच. नंतर रिळं कुठं गेली कुणास ठाऊक. संयोगिता तेव्हा पाच वर्षांची. तिला चित्रं पुसट आठवायची, पण तो आवाज लख्ख. खोल, संथ, विहिरीतून आल्यासारखा.

आक्का सोफा सोडून खाली भिंतीला टेकून करंज्या लाटत होती. संयोगितानं तिच्यापुढं तीन कागद धरले.

"आक्का, एवढं वाच की. रंभेच्या आवाजात. मी मोबाईलवर घेते."

"हात पिठाचं हायत."

"मी धरते कागद."

आक्कानं चष्मा कपाळावरून नाकावर घेतला आणि शाळेतल्या पोरीसारखं एकेक शब्द वेचत वाचलं, "अय्या, आज पुन्हा लिफ्ट बंद! आता मी माझ्या योगा क्लासला कशी पोचणार?" मग चष्मा पुन्हा कपाळावर. "ही कोण बाई हाय?"

"रंभा."

"कुठली रंभा?"

"आपली, आक्का."

"आपली न्हवं." आक्कानं करंजीची कड दुमडायला घेतली. "लई बोलती ही. आन योगा कशाला कराय लागलीय? म्हस हाय न्हवं?"

"विनोद आहे तो."

"असंल."

"तू माझ्यावर रागावलीयस का?"

"तुज्यावर रागवून मी जेवू कुटं? आन ती करंजी उचल, पायाखाली यील. किती फिरशील? भवरा झालाय तुजा."

"मग एकदा, एकदाच म्हण. मी लहान असताना म्हणायचीस तसं."

आक्कानं तोंड उघडलं. मग तिनं तोंड मिटलं आणि मान हलवली. "न्हाय बसत तोंडात. दुसऱ्याची कवळी घातल्यागत वाटतंय."

संयोगितानं कागद टेबलावर आपटले. खाली आकारामची फटफट पुन्हा कडाडली. ग्रुपवर सेक्रेटरी घाटगेसाहेबांचा निरोप येऊन पडला: "शेजारील गोठ्याच्या आवाज व वासाबाबत लेखी तक्रार करण्यात येत आहे. कृपया सहकार्य करावे." त्याखाली सतरा अंगठे.

लहानपणीचं तिला आठवत होतं ते असं. आई जयसिंगपूरच्या शाळेत शिक्षिका. सोमवारी पहाटे जायची ती शनिवारी यायची. त्या पाच दिवसांत संयोगिता ताटावर बसून राहायची, घास तोंडात धरून. मग आक्का गाल फुगवायची, मान खाली घालायची आणि रंभा होऊन म्हणायची, "संयोऽऽ, तुजा घास मी खाऊ का तू खातीस? मी खाल्ला तर ताट बी खाईन बरं का." तो आवाज ऐकला की घास आपोआप गिळला जायचा. त्या आवाजावर ती वाढली होती. तोच आवाज तीन पानांत का उतरत नव्हता?

दुपारी फरहीनचा फोन आला. इतक्या मोठ्यानं की संयोगितानं मोबाईल कानापासून लांब धरला.

"ताई, सापडली! कॅसेट सापडली!"

फरहीन म्हणजे गैबीचाचांची नात. गैबीचाचा कल्हईवाले, केरबा पेंटरचे जिवाभावाचे दोस्त. बुवा बगळ्याचा आवाज त्यांचा. दोघंही आता नव्हते. केरबा पेंटर जाऊन अकरा वर्षं झाली होती, गैबीचाचांना सहा. फरहीन राजारामपुरीत एका कोचिंग क्लासच्या वरच्या खोलीत टॅबवर चित्रं हलवायचं काम करायची आणि नव्या मालिकेतली रंभा तीच काढणार होती, म्हणजे कंपनीनं काढू दिली तर.

तासाभरात ती लॅपटॉप छातीशी धरून दारात हजर झाली. "हुसेनबी फुप्पीच्या, म्हंजे आत्याच्या, पेटीत होती. वर लिवलंय 'हुसेनबीचं लग्न'. म्हणून चाळीस वर्षं कुणी बघितलीच न्हाय. फुप्पीच बघत न्हवती, म्हणती जाडी दिसते मी."

"लग्नाची कॅसेट?"

"लग्न संपल्यावर पट्टी उरलीती. दादांनी, म्हंजे आजोबांनी, त्यावर टीव्हीवरची रंभा धरून ठेवली. मी दुकानातनं कॉम्प्युटरवर घेतली. अजून बघितली न्हाय, आईशप्पथ. म्हटलं सगळी मिळून बघू."

आक्कानं हात धुतले आणि पदराला पुसत लॅपटॉपसमोर मांडी घातली.

आधी लग्न लागलं. पंक्तीत बिर्याणी वाढणारे काळ्या केसांचे गैबीचाचा कॅमेऱ्याकडं बघून लाजले आणि फरहीन "हाय अल्ला, दादा!" म्हणून ओठांवर हात ठेवून बसली. मग पडद्यावर मुंग्या आल्या, आणि मुंग्यांतून डावीकडून एक म्हैस आली.

संयोगिताचा पाय थांबला.

किती साधी होती ती. चार पाय, एक शेपूट, बोर्ड रंगवणाऱ्या माणसाच्या ठाम रेषा. पाठीवर बुवा, एका पायावर, डोळे मिटून. रंभा चालत चालत भर चौकात आली आणि खाली बसली. बस. एवढंच घडलं. मग मागं टांगा थांबला, एसटी थांबली, लग्नाची वरात थांबली. हवालदार आला, पैलवान आला, मास्तर आले. प्रत्येक जण रंभेपुढं उभा राहून तिला उठ म्हणायचा. आधी दरडावून, मग गोडीनं, मग आपलीच काहीतरी रडकथा सांगून. हवालदारानं सांगितलं की त्याला शिट्टी वाजवायची भीती वाटते. नवरदेवानं सांगितलं की नवरीचं नाव तो विसरलाय. आणि वरून बुवा एक डोळा उघडून गैबीचाचांच्या खट्याळ, अनुनासिक आवाजात म्हणायचा, "चालू द्या, चालू द्या, ऐकतीय ती."

"आता बोलेल," संयोगिता पुटपुटली.

रंभा जबडा फिरवत राहिली.

"आता."

शेवटी कुठूनतरी लांबून हाक आली, "रंभेऽऽ, ये गं बाय, येऽऽ!" आणि रंभा उठली, शेपूट एकदा झटकली आणि गेली. सिनेमा संपला. पट्टीवर आणखी एक होता, तोही बघितला. त्यात ती शाळेच्या वर्गात शिरून शेवटच्या बाकाजवळ उभी राहते. तिथंही तेच. एक "हुंऽऽ" सोडला तर शब्द नाही.

"ती बोलतच नाही," संयोगिता म्हणाली. "एकदासुद्धा नाही."

"थांबा, ताई." फरहीननं सिनेमा मागं नेला आणि पडद्याला नाक लावलं. एकेक चित्र पुढं सरकवत गेली, बोटं मोडत. "जबडा बघा. डावीकडं, खाली, उजवीकडं, वर. परत डावीकडं. चारच चित्रं हायत! सात मिनिटं चारच चित्रं फिरवल्यात रवंथाची."

"मग काय चाळीस काढणार व्हय?" आक्का म्हणाली.

दोघी तिच्याकडं वळल्या.

"केरबाला व्हट हलवायला जमंना," आक्का म्हणाली. "बोर्ड रंगवणारा माणूस त्यो. एक वाक्य बोलवायचं म्हंजे चाळीस कागूद. आठ दिस झटला. रंभा बोलाय लागली की वाटायचं, दात दुखत्यात हिचं. मग कागूद संपलं. तवा दोन दिस गंगावेशीत दुधाच्या कट्ट्यावर जाऊन म्हशींच्या तोंडाकडं बगत बसला. दुधवाला म्हनला, दूध तरी घ्या. घरी आला आन म्हनला, आक्का, हिला बोलायचं कामच न्हाय. ही ऐकती. बोलायचं काम बगळ्याला, चोचीला दोन चित्रं लागत्यात. उगडी आन मिटल्याली."

"आणि आवाज? सगळ्यांना रंभेचा आवाज आठवतो!"

"हाक आठवती. हाक माजी. आन ते हुं हाय न्हवं, ते हिच्या आज्यानं घागरीत तोंड घालून काडलंय. कल्हई केल्याली घागर पायजे म्हनायचा, बिनकल्हईच्या घागरीत बैल वरडतोय."

"ती घागर आहे अजून," फरहीन हळूच म्हणाली. "आई तांदूळ ठेवती."

संयोगिता उठून उभी राहिली, बसली, परत उठली. "आक्का, मी चार महिने लिहितेय. तू का सांगितलं नाहीस?"

"तू इचारलंस कुटं? तू कागूद घिऊन आलीस आन म्हनलीस वाच."

"पण जेवताना तू बोलायचीस. रंभा होऊन. मला पक्कं आठवतंय."

आक्कानं पीठ लागलेलं नख दुसऱ्या नखानं खरवडलं. "ते तुज्यासाटी. आई गेली की तू शनवारपातूर गप बसायचीस. घास तोंडात, आन डोळं दाराकडं. घरात कुणीतरी बोलाय पायजे हुतं की."

खाली गोठ्यात एका म्हशीनं फुस्स केलं.

म्हणजे चार महिने ती जिला लिहीत होती ती रंभा नव्हतीच. ती ताटापुढची आक्का होती, एका मुक्या पोरीसाठी बोलणारी. पण हे कळून हायसं वाटावं तर उलटंच झालं. तळव्याखाली वाळू सरकावी तसं झालं. हाती जेमतेम दोन दिवस, आणि आता नायिकाच गप्प! मालिकेत! लोक काय म्हशीचा जबडा बघत बसतील? दुसरा दिवस सगळा तिनं गच्चीवर येरझाऱ्या घालण्यात काढला. एक ओळ लिहायची, खोडायची. बुवा बोलतोय, बोलतोय, पण कुणाशी आणि का? गच्चीच्या कठड्यावर आक्का पापड वाळवत होती आणि ओठांतल्या ओठांत गुणगुणत होती,

"काळी माजी रंभा, तिच्या पाठीवर बुवा
तिच्या चालीनं चालती, पंचगंगेची गं हवा."

"ही ओवी कुणाची?"

"माजीच. आता सुचली. तू चालतीस ती कुणाच्या चालीनं?"

पाडव्याला सकाळी नऊ वाजता आकारामच्या गोठ्यातून हलगी वाजली. नऊ म्हशींची शिंगं हिरव्या-गुलाबी रंगांनी न्हाली होती, कपाळावर मोरपिसांचा तुरा, गळ्यात कवड्या, अंगावरचे केस कातरून काढलेली नक्षी. ग्रुपवर घाटगेसाहेबांनी कळवलं की गेट बंद ठेवावे. सगळ्यांनी अंगठे दाखवले आणि सगळे गॅलरीत येऊन उभे राहिले.

आकारामनं गाडीला किक मारली. फाड फाड फाड करत गाडी सुटली आणि मागून सुंदरी सुटली, त्याची सगळ्यात थोरली म्हैस. रस्ता दणाणला. "हाऽऽ सुंदरेऽऽ!" आकाराम ओरडला आणि बरोब्बर सोसायटीच्या गेटासमोर त्याची गाडी एकदा खोकली, दोनदा खोकली आणि बंद पडली.

आवाज थांबला, तशी सुंदरीही थांबली. इकडं बघितलं, तिकडं बघितलं आणि गेट अडवून आरामात खाली बसली.

"प्लग गेला वाटतं," आकाराम गाडी ढकलत म्हणाला. "कोपऱ्यावरनं बदलून आणतो. तिला कुणी काय करू नका, पावणं. गाडीचा आवाज आला की उठंल ती."

तेवढ्यात घाटगेसाहेबांची गाडी पार्किंगमधून निघाली. नवा कोरा झब्बा, शेजारच्या सीटवर मिठाईचा खोका. लेकीकडं सांगलीला निघाले होते. हॉर्न वाजवला. सुंदरीनं कान हलवला. पुन्हा हॉर्न. दुसरा कान. साहेब खाली उतरले, बंद ठेवायला सांगितलेलं गेट स्वतःच उघडलं.

संयोगिता रांगोळीचा डबा हातात घेऊन गेटाजवळच्या जिन्याच्या पायथ्याशी उभी होती. तिथून तिला साहेबांची पाठ आणि सुंदरीचं तोंड दिसत होतं. जबडा फिरत होता. डावीकडं, खाली, उजवीकडं, वर.

"ए, उठ! हे खासगी गेट आहे," साहेब म्हणाले.

डावीकडं, खाली.

"हे बघ, मला अकरापर्यंत पोचायचंय."

उजवीकडं, वर.

साहेबांनी आजूबाजूला बघितलं. जिन्याच्या अंधारातली संयोगिता त्यांना दिसली नाही. त्यांनी आवाज खाली आणला. "लेकीची पहिली दिवाळी आहे गं. तिच्या सासरचे लोक वेळेचे पक्के. आधीच त्यांना वाटतं, आम्ही खेडवळ." त्यांनी झब्बा सारखा केला. "आहोतच म्हणा खेडवळ. गडहिंग्लजला आमच्या चार होत्या. तुझ्यासारख्या. आई काढायची धार. मी नोकरीला लागलो आणि विकायला लावल्या. म्हटलं, वास येतो." जबडा फिरला. साहेब आणखी जवळ सरकले. "तक्रार माझीच आहे तुमच्यावर. सतरा सह्या घेतल्यात. पण पहाटे पाचला मी खिडकी उघडतो ना, ती कशासाठी उघडतो, ते आमच्या हिलासुद्धा माहीत नाही."

सुंदरीनं नाकातून हवा सोडली. साहेबांनी झब्ब्याच्या बाहीनं चेहरा पुसला, बहुतेक घाम.

वर बघितलं तेव्हा त्यांना गॅलरीतली आक्का दिसली आणि ते दचकले. "आक्का! तुम्ही तरी हाक मारा की. रंभेचा आवाज ना तुम्ही?"

"ती माजी न्हवं," आक्कानं वरनं सांगितलं. "ज्याची हाक त्यालाच उठती. तुमी बोला निवांत."

हे बोलणं जिन्याशी ऐकू आलं आणि संयोगिताच्या ध्यानात आलं की तिचा पाय केव्हाचा हललेला नाही. रांगोळीचा डबा पायरीवर ठेवून ती वर पळाली. परत आलेल्या तीन पानांच्या पाठकोऱ्या बाजूवर तिनं लिहायला सुरुवात केली तेव्हा खाली कोपऱ्यावरून फाड फाड असा आवाज आला, गॅलरीतली माणसं "उठली, उठली!" म्हणून ओरडली. तिनं मान वर केली नाही.

तिनं लिहिलं ते असं. रंभा सोसायटीत राहायला आलेली नाही. सोसायटीच रंभेच्या जागेवर येऊन बसली आहे, आणि रोज सकाळी रंभा आपल्या जुन्या ठिकाणी, म्हणजे आताच्या गेटात, येऊन बसते. मग एकेक जण तिला उठवायला येतो.

बारा वाजता फरहीन घागर घेऊन आली, आतले तांदूळ शेजारच्या डब्यात ओतून. टॅबवर तिनं माणसं कच्च्या रेषांत उभी केली आणि रंभेचं तोंड काढलं. चार चित्रं. "पाचवं काढू का ताई, जरा मऊ हलंल?" "नको, चारच." सोसायटीतल्या साऱ्या माणसांचे आवाज संयोगितानं काढले, सेक्रेटरी धरून. त्याचं नाव आणि गाव तिनं बदललं, तेवढी लाज तिनं राखली. बुवा फरहीननं केला. पहिल्याच वाक्याला तिच्या नाकातून गैबीचाचा असे बाहेर आले की आक्का म्हणाली, "आला का मुडदा परत!" आणि डोळ्यांना पदर लावून हसली. घागरीत तोंड कुणी घालायचं यावरून थोडी मारामारी झाली. शेवटी आक्कानंच घातलं. हाक तर तिचीच. ती द्यायला ती गॅलरीत गेली, बंद खोलीत हाक येत नाही म्हणाली. "रंभेऽऽ, ये गं बाय, येऽऽ!" खाली गोठ्यात नऊपैकी एकीनंही मान वळवली नाही.

सहाला सात मिनिटं कमी असताना फाईल गेली.

मग पुन्हा येरझाऱ्या. स्वयंपाकघर, गॅलरी, स्वयंपाकघर. दारातल्या पणत्या फरहीननं लावल्या. साडेसहाला फोन वाजला आणि संयोगितानं तो दोन्ही हातांनी धरला, पाखरू धरावं तसा.

"मॅम, फाईल मिळाली," पृथ्वीराज म्हणाला. "पण काहीतरी टेक्निकल झालंय. रंभाचा आवाजच आला नाहीये. सगळे बोलतात आणि ती गप्प."

समजावायला तिनं तोंड उघडलं. ओठ, कागद, कट्टा, कॅसेट, सगळं एकदम जिभेवर आलं. समोर आक्का खुर्चीत बसून सुपारी चघळत तिच्याकडं बघत होती. डावीकडं, खाली, उजवीकडं, वर.

संयोगितानं तोंड मिटलं.

"हॅलो? मॅम, आहात ना?"

"हं."

"म्हणजे मुद्दाम केलंय का? अहो पण मेन कॅरॅक्टर न बोलता..." तो थांबला. ती थांबलीच होती. "नाही, म्हणजे आम्ही बघितलं सगळ्यांनी. दोनदा बघितलं. तो सेक्रेटरी खिडकीचं सांगतो ना, तिथं आमची एक मुलगी उठून बाहेरच गेली. आमच्याकडं असं होत नाही कधी." शांतता. "खरं सांगू? मला बोलायचं नव्हतं हे. पण ती दोन पायांची आयडिया माझी होती. मला वाटलं, चार पायांची म्हैस कोण बघणार. मी लहान असताना आजोळी..." आणि तो आजोळचं सांगायला लागला. तिथल्या एका कुत्र्याचं, ज्याच्याशी तो सुट्टीभर बोलायचा. बराच वेळ सांगत राहिला. संयोगिता भिंतीला टेकून ऐकत होती. दोन्ही पाय जमिनीला लागलेले.

"असो. तर गॉगल काढून टाकू, नाही का?"

शांतता.

"पर्सपण. आणि पाय... बरं, चार. चारच ठेवू. फक्त ते रॅम्बी..."

खाली गोठ्यात कुणीतरी फुस्स केलं. ते त्याच्यापर्यंत पोचलं असावं.

"रंभाच राहू द्या," तो म्हणाला. "पुढचे पाच भाग तुम्हीच लिहा, मॅम. आमच्या लेखकांना मी सांगतो काय ते."

फोन ठेवल्यावर फरहीन काडी हातात तशीच धरून उभी होती. आक्कानं सुपारी एका गालातून दुसऱ्या गालात नेली.

"काय म्हनला?"

"लई बोलला," संयोगिता म्हणाली आणि करंज्यांचा डबा पुढं ओढून खाली बसली.